सुस्पिरिया एकट्या अर्जेंतोचा नाही

इटालियन भयपटांचा दिग्दर्शक दारिओ अर्जेंतोचं नाव निघालं की आपल्याकडचे हॉररवाले एकदम हळवे होतात. तो लाल-निळा उजेड, गॉब्लिन बँडचं डोक्यात शिरून बसणारं म्युझिक, काळे हातमोजे, घराच्या भिंतीवरून सरपटत जाणारा कॅमेरा, सगळं तोंडपाठ असतं लोकांना, आणि मग ते वाक्य येतंच की काय डोकं आहे राव या माणसाचं. डोकं आहेच, त्याबद्दल माझी काही तक्रार नाही. माझं म्हणणं एवढंच आहे की ज्या सिनेमामुळे हा माणूस जगभर पोचला त्या १९७७ च्या सुस्पिरियाच्या पाट्यांमध्ये पटकथेला दोन नावं आहेत आणि आपण वर्षानुवर्षं त्यातलं एकच वाचत आलोय. दुसरं नाव आहे दारिया निकोलोदी.

ही कोण असं विचारलं तर ठरलेली उत्तरं मिळतात. अर्जेंतोची एकेकाळची जोडीदार, नटी आसिया अर्जेंतोची आई, नाहीतर त्याच्या सिनेमात दर वेळी कुठेतरी असते ना ती मोठ्या डोळ्यांची सडपातळ बाई, ती. २६ नोव्हेंबर २०२० ला रोममध्ये ती गेली, ७० वर्षांची होती, तेव्हासुद्धा इटालियन मथळ्यांमध्ये आधी हीच नाती आली. फॅन लोकांचा आवडता शब्द म्हणजे म्यूझ. म्हणजे बाईने नुसतं समोर बसून राहायचं आणि पुरुषाला सुचत जायचं, असं काहीतरी.

मला यात नुसती भावनेची गोष्ट दिसत नाही. कुणाला मान मिळाला, कुणाला नाही मिळाला, बिचारी वगैरे, त्यात फार अर्थ नसतो. श्रेय ही कागदावरची गोष्ट आहे. आणि जॉनर सिनेमात, म्हणजे भयपट, खूनपट, वेस्टर्न या सगळ्या गल्लाभरू प्रकारांत, साइड रोल करणाऱ्या बाईचं काम कागदावरून किती सहज पुसता येतं हे बघायचं असेल तर निकोलोदीइतकी चांगली केस नाही, कारण तिचा चेहरा, तिचा आवाज आणि तिची गोष्ट हे तिन्ही वेगवेगळ्या वेळी, वेगवेगळ्या लोकांनी, वेगवेगळ्या कारणांनी बाजूला काढलेलं आहे आणि प्रत्येक वेळी सिनेमा आहे तसा विकला गेलाय.

थोडं धंद्याबद्दल सांगते, नाहीतर पुढचं लागणार नाही. १९५५ च्या सुमाराला इटलीत वर्षाला ८० कोटींच्या वर सिनेमाची तिकिटं खपायची आणि सत्तरीच्या मध्यापर्यंतही आकडा ५० कोटींच्या आसपास होता. एवढ्या थिएटरांना माल लागायचा. मग एक फॉर्म्युला चालला की त्याच्यावर डझनाने सिनेमे निघायचे, आधी हर्क्युलिस टाइप पैलवानपट, मग वेस्टर्न, मग सत्तरीत जाल्लो, म्हणजे हातमोजेवाला खुनी, सुंदर बायका आणि शेवटी कुणालाच न पटणारा उलगडा. यातलं बरंचसं परदेशात विकायचं म्हणून एखादा अमेरिकन किंवा इंग्लिश नट घ्यायचा, सेटवर जो तो आपापल्या भाषेत बोलायचा, आवाज नंतर स्टुडिओत भरायचे. प्रत्येक देशातला वितरक आपल्या सोयीने कापायचा आणि नावही बदलायचा. अशा धंद्यात हिरो आणि डायरेक्टर सोडून बाकी सगळं सुटं करता येण्यासारखं होतं.

निकोलोदी या धंद्यात मागच्या दाराने आली असं बरेच जण समजतात. तसं नाहीये. फ्लॉरेन्सला १९ जून १९५० ला जन्म, आईचे वडील आल्फ्रेदो काझेल्ला, म्हणजे विसाव्या शतकातल्या इटलीतले मोठे संगीतकार. १९७० मध्ये ती फ्रांचेस्को रोझीच्या युद्धपटात होती, १९७३ मध्ये एलिओ पेत्रीच्या सिनेमात उगो तोन्यात्सीसोबत होती. रोझी आणि पेत्री दोघेही त्या काळातले इटलीतले एकदम वजनदार, राजकीय सिनेमे करणारे दिग्दर्शक. अर्जेंतो भेटला तो यानंतर.

आणि भेटला तो 'प्रोफोंदो रोस्सो'साठी, जो आपण डीप रेड म्हणून ओळखतो. १९७५ चा, बराचसा तुरिनमध्ये शूट झालेला. ती यात जान्ना ब्रेत्सी नावाची रिपोर्टर आहे आणि डेव्हिड हेमिंग्ज हा इंग्लिश पियानोवाला. खून याच्या डोळ्यांसमोर झालाय, पोलिसांच्या आधी आपणच छडा लावू म्हणून दोघं हिंडतात. आता यातले दोघांचे सीन नीट बघा. ती त्याला आपल्या चिमुकल्या फियाट ५०० मध्ये घेते, शेजारची सीट मोडलेली, तो बसतो आणि भस्सकन खाली जातो, इतका की बाहेरचं दिसायची पंचाईत, आणि ही वर बसून मस्त गाडी हाकतेय, काहीतरी विचारतेय, हा खालून मान वर करून उत्तर देतोय. दार उघडत नाही म्हणून साहेबांना छपरातून बाहेर पडावं लागतं. नंतर एकदा तो तिला सुनावतो की बायका नाजूक असतात, वेगळ्या असतात, वगैरे नेहमीचं कीर्तन. ती म्हणते ठीक आहे, ये, पंजा लढव. हरतो. तू चीटिंग केलीस म्हणतो, परत लढतात, परत हरतो. निकोलोदी हे सगळं अशा काही हलक्या हाताने करते की हे कुठल्या खूनपटात चाललंय हेच विसरायला होतं, आणि तिच्या चेहऱ्यावर जिंकल्याचा आनंदसुद्धा फार नाही, हे तर होणारच होतं असा भाव.

इटलीतला मूळ सिनेमा दोन तासांच्या वर आहे. परदेशी बाजारासाठी सुमारे २० मिनिटं कापली आणि त्यात सगळ्यात जास्त मार बसला तो या दोघांच्या सीनना. खून राहिले. कापणाऱ्याचा हिशोब सरळ होता, लोक रक्त बघायला येतात, बाई गाडीत बसून बडबड करतेय ते कोण बघणार. आता गंमत अशी की पुढे डिस्कवर पूर्ण सिनेमा जुळवून काढला तेव्हा या कापलेल्या भागांना इंग्रजी आवाज नव्हताच. म्हणून इंग्रजी ट्रॅक लावून पूर्ण सिनेमा बघायला बसलात तर दोघं इंग्रजीत बोलता बोलता अचानक इटालियनमध्ये जातात, खाली सबटायटल येतं, आवाजसुद्धा बदलतो, आणि दोन मिनिटांनी परत इंग्रजी. पहिल्यांदा बघताना वाटतं फाइल खराब आहे. फाइल ठीक आहे, कात्री कुठे कुठे लागली होती ते कानाला कळतंय एवढंच. जिथे जिथे जान्ना मोकळी होऊन बोलायला लागते तिथे तिथे भाषा बदलते.

हे सीन म्हणजे टाइमपास, खरा सिनेमा बाकीचा, असं म्हणणारे भेटतात. मला अजिबात पटत नाही. पन्नास वर्षं होऊन गेली, आता स्पॉयलर कसला, तर सांगते. खुनी एक म्हातारी होत चाललेली बाई आहे, आणि हिरोने पहिल्याच रात्री तिचा चेहरा बघितलेला असतो, भिंतीवरच्या चित्रांमध्ये, आरशात, पण त्याने तो चेहरा चित्र समजून सोडून दिला. माणूस म्हणून हिशोबातच धरला नाही. ज्या हिरोला शेजारी बसलेली बाई पंजात हरवते आणि तरी ते मान्य होत नाही त्याच हिरोच्या बाबतीत हे होऊ शकतं, म्हणून ते कापलेले सीन त्या उलगड्याची तयारी आहेत. ते काढले की उरतो फक्त स्मार्ट कॅमेरा. आणि ती खुनी बाई कोणी केलीये तर क्लारा कालामाई, १९४३ च्या व्हिस्कोन्तीच्या 'ओस्सेस्सिओने'ची हिरोईन, इथे एका जुन्या नटीच्या रोलमध्ये, खोलीच्या भिंतींवर स्वतःचेच तरुणपणीचे फोटो लावून बसलेली. हा तिचा शेवटचा सिनेमा ठरला. हॉररवाल्यांना कुऱ्हाड आठवते, कालामाई आठवत नाही.

आवाजाचं प्रकरण त्यापुढचं. अर्जेंतोच्या १९८२ च्या 'तेनेब्रे'मध्ये निकोलोदी लेखकाची असिस्टंट अ‍ॅन आहे आणि इंग्रजी व्हर्जनमध्ये तिचा आवाज थेरेसा रसेल या अमेरिकन नटीचा आहे. वाईट आहे का? नाही, चांगला आहे. पण जगभरातले लाखो लोक तिच्या अभिनयाबद्दल मत देतात ते अर्ध्याच अभिनयाबद्दल देतात हे त्यांच्या गावीही नसतं. आपल्याला हे नवीन नाही खरं तर, श्रीदेवीच्या सुरुवातीच्या हिंदी सिनेमांत आवाज नाझचा होता आणि आपणही त्या काळात पडद्यावरच्या बाईलाच मार्क दिले. तेनेब्रे संपतो तो निकोलोदी पावसात उभी राहून किंचाळतेय, थांबतच नाही, त्यावर पाट्या सुरू होतात. (याच सिनेमात एका छोट्या रोलमध्ये व्हेरोनिका लारिओ आहे, जी पुढे बर्लुस्कोनीची बायको झाली. इटलीत ही माहिती निकोलोदीच्या अख्ख्या करिअरपेक्षा जास्त लोकांना असेल.)

आता गोष्टीकडे येते, कारण खरं भांडण तिथे आहे.

सुस्पिरियाच्या आधीचे अर्जेंतोचे सिनेमे काढा. १९७० चा 'क्रिस्टलच्या पिसांचा पक्षी'वाला, १९७१ चे दोन, मग १९७३ चा एक ऐतिहासिक विनोदी, आणि मग डीप रेड. सगळीकडे खुनी हाडामांसाचा माणूस. डीप रेडमध्ये मनातलं ओळखणारी एक बाई आहे पण तेवढंच, ती पहिल्या अर्ध्या तासात मरते, आणि ती पटकथा अर्जेंतोने बर्नार्दिनो झाप्पोनीबरोबर लिहिलेली. आणि एकदम १९७७ मध्ये जर्मनीतली डान्स अकॅडमी, चेटकिणी, इंग्लिश लेखक टॉमस डी क्विन्सीच्या १८४५ च्या लेखनातल्या दुःखाच्या तीन देवता. निकोलोदी आयुष्यभर सांगत राहिली की हा चेटकिणींचा धागा तिच्याकडून आला, तिची आजी लहान असताना एका संगीत अकॅडमीत गेली होती आणि तिथे काळी जादू शिकवतात असं लक्षात आल्यावर पळून आली, ही आजीची गोष्ट. ती गोष्ट खरी का खोटी यावर पुढे बरेच वाद झाले. मला तो वादच फालतू वाटतो. आजी खरंच पळाली होती का याच्याशी काय करायचंय, गोष्ट सांगणाऱ्याने ती आजीकडून घेतली का हवेतून घेतली, सिनेमाला ती पुरवली ना? काल्पनिक असेल तर उलट जास्तच श्रेय द्यायला पाहिजे.

त्या सिनेमात मुख्य रोल तिला हवा होता असं म्हणतात, पण अमेरिकेत विकायचं म्हणून जेसिका हार्पर आली. निकोलोदी सुरुवातीला एअरपोर्टवर क्षणभर दिसते, पाट्यांमध्ये त्या रोलचा उल्लेख नाही. लेखिका म्हणून मात्र नाव आहे. आणि तेसुद्धा सहज आलेलं नाही, प्रीमियरच्या काही दिवस आधीपर्यंत आपलं नाव येणार की नाही हे तिला माहीत नव्हतं असं तिनेच सांगितलंय. तीन वर्षांनी १९८० मध्ये 'इन्फर्नो' आला, त्याच तीन देवतांच्या कथेचा दुसरा भाग, आणि त्यात लेखक म्हणून फक्त अर्जेंतो. मूळ कथा आपलीच होती पण परत ते भांडण करायची ताकद उरली नव्हती, म्हणून सोडून दिलं, असं तिचं म्हणणं. सिनेमात ती आहे, आजारी श्रीमंत बाई, मांजरी अंगावर येतात आणि मग सुरा. तिसरा भाग यायला २००७ उजाडलं, तिथे पटकथेत अर्जेंतोबरोबर इतर लेखक आहेत आणि निकोलोदी पडद्यावर आहे, आसियाच्या पात्राच्या मेलेल्या आईचं भूत म्हणून. लिहायला जागा नाही, भूत व्हायला आहे. असो.

लोक म्हणतात सिनेमा दिग्दर्शकाचा असतो, गोष्ट काय कुणीही देतं. बरं. मग इटलीचाच कायदा बघू. तिथला १९४१ चा कॉपीराइट कायदा, क्रमांक ६३३, त्याचं कलम ४४ सांगतं की सिनेमाचे सहलेखक चार, कथा देणारा, पटकथा लिहिणारा, संगीत देणारा आणि दिग्दर्शक. या क्रमाने. मुसोलिनीच्या काळातला कायदा आहे, काही बायकांचं भलं करायला आणलेला नाही, पण त्यालाही एकट्या दिग्दर्शकाचा सिनेमा ही कल्पना मान्य नव्हती. पुढे कलम ४८ म्हणतं की या लोकांना सिनेमा दाखवताना आपलं नाव आणि काम दिसण्याचा हक्क आहे. म्हणजे सुस्पिरिया 'अर्जेंतोचा' म्हणणं हे त्याच्या स्वतःच्या देशाच्या कायद्यातही बसत नाही. कायद्याने बघितलं तर तो निकोलोदीचाही आहे, गॉब्लिनचाही आहे. कॅमेरामन लुचानो तोवोली मात्र त्या चौघांत बसत नाही, आणि तो रंग तर त्याने पाडलाय, तेव्हा कायदाही काही फार शहाणा आहे असं नाही.

आणि नटांच्या बाबतीत तर नाहीच. त्याच कायद्यात नाव जाहीर होण्याचा हक्क मुख्य भूमिका करणाऱ्यांना नीट दिलेला आहे, दुय्यम भूमिकावाल्यांचं मग करारावर आणि निर्मात्याच्या मर्जीवर. आपल्याकडे तर अजून मजा, भारतीय कायद्यात सिनेमाचा 'लेखक' म्हणजे निर्माता! २०१२ च्या दुरुस्तीनंतर पटकथाकार, गीतकार, संगीतकार यांचा रॉयल्टीचा हक्क लिहून घेता येत नाही हे तरी झालं, पण त्यासाठी किती वर्षं भांडावं लागलं हे मुंबईतल्या कुठल्याही लिहिणाऱ्याला विचारा. म्हणून इटलीकडे बोट दाखवून आपण फार पुढारलेले असं मला म्हणायचं नाहीये.

दुसरा आक्षेप येतो तो जरा टोकदार असतो, की अर्जेंतोची बायको होती (लग्न केलेलं नव्हतं, पण लोक म्हणतात) म्हणून रोल मिळाले, नाहीतर कोण विचारत होतं. याला माझं उत्तर म्हणजे 'शॉक'. १९७७ चाच, सुस्पिरियाच्याच वर्षीचा, मारिओ बाव्हाचा थिएटरसाठीचा शेवटचा सिनेमा. यात निकोलोदी मध्यवर्ती आहे, अख्खा सिनेमा तिच्या खांद्यावर. घर, लहान मुलगा, मेलेला पहिला नवरा आणि हळूहळू डोकं फिरत जाणारी बाई, बजेट काहीच नाही. त्यातला कॉरिडॉरचा सीन प्रसिद्ध आहे, मुलगा समोरून आईकडे धावत येतो, जवळ येताना फ्रेमच्या खाली जातो आणि वर येतो तो मुलगा नसतो, मेलेला नवरा असतो, एकाच शॉटमध्ये, कट नाही, कॉम्प्युटर नाही. ट्रिक बाव्हाची आहे, पण ती चालते कारण त्या क्षणाआधी बाईने हात पसरलेले असतात आणि चेहऱ्यावर आईचं हसू असतं आणि ते हसू पूर्ण पुसलं जायच्या आत आपण दचकलेले असतो. हे काम कुणाची तरी जोडीदार आहे म्हणून येत नाही. आणि हा सिनेमा अमेरिकेत कसा विकला माहितीये? दुसऱ्याच एका हिट सिनेमाचा भाग दोन म्हणून, 'बियाँड द डोर २', ज्याचा याच्याशी काडीचा संबंध नाही. आयुष्यातला मोठा लीड रोल आणि तो कुणाच्या तरी सिक्वेलच्या नावाखाली.

तिसरा आक्षेप मला मान्य आहे, अर्धा. तो असा की आता उलट्या बाजूचे लोक सुटलेत, अर्जेंतोने काहीच केलं नाही, जे काही चांगलं ते निकोलोदीचं, ती गेली आणि सिनेमे पडले. हे कागदावर टिकत नाही. दोघं एकत्र असतानाच तेनेब्रेमध्ये चेटकीण वगैरे सोडून तो परत हातमोज्यांकडे गेला आणि तो त्याच्या उत्तम सिनेमांपैकी आहे. वेगळे झाल्यानंतर १९८७ मध्ये 'ओपेरा' केला, त्यातला सगळ्यात गाजलेला सीन तिचाच, दाराच्या छिद्रातून बाहेर कोण आहे बघते आणि पलीकडून गोळी सुटते ती त्याच छिद्रातून डोळ्यात, स्लो मोशनमध्ये. तो सीन तर नखशिखांत अर्जेंतोचा आहे, ती फक्त मरायला आलीये. एकाच्या डोक्यावरचा मुकुट काढून दुसरीच्या डोक्यावर ठेवला तर मुकुट तसाच राहिला की. मला मुकुटच नकोय.

मरण्यावरून आठवलं. साइड रोलवाल्या बाईला फॅन कशा लक्षात ठेवतात तर कशी मेली यावरून. निकोलोदीचं बघा, इन्फर्नोत मांजरी, १९८५ च्या फिनॉमेनात चिंपांझी वस्तरा घेऊन, ओपेरात गोळी. आणि हिचं निदान नाव तरी माहीत असतं. दुसरा एक इटालियन भयपट दिग्दर्शक लुचो फुल्ची, त्याच्या सिनेमांतली दानिएला दोरिया घ्या, १९८० ते १९८२ मध्ये त्याने तिला चार सिनेमांत चार प्रकारे मारलं, एकदा आतडी ओकून, एकदा डोक्याच्या मागून घुसून तोंडातून बाहेर आलेल्या सुऱ्याने, पुढचं लिहीत नाही. या मरणांच्या याद्या लोक आवडीने करतात. आतडी ओकण्याच्या त्या सीनमध्ये गाडीत तिच्या शेजारी जो पोरगा बसलाय तो मिकेले सोआवी. तोही मरतो. नंतर तो अर्जेंतोचा असिस्टंट झाला, मग स्वतः दिग्दर्शक झाला, १९९४ मध्ये 'देल्लामोर्ते देल्लामोरे' केला आणि आज त्याच्यावर आदराने लिहिलं जातं, बरोबरच आहे, चांगला दिग्दर्शक आहे. पण एकाच गाडीत बसलेल्या दोघांपैकी सेटवरून कॅमेऱ्यामागे जायचा रस्ता कुणासाठी होता आणि कुणाच्या वाट्याला यादी आली हे बघितलं की मला निकोलोदीने सुस्पिरियावर नावासाठी केलेली कटकट क्षुल्लक वाटत नाही. कटकट्या बायकांचीच नावं उरतात बहुतेक.

आणि नाव उरलं की काय होतं ते २०१८ मध्ये दिसलं. लुका ग्वादान्यिनोने सुस्पिरिया नव्याने केला, पटकथा डेव्हिड कॅगॅनिचची, गोष्ट बर्लिनला नेली, बाकी जवळपास सगळं बदललं, आणि तरी मूळ पात्रांच्या श्रेयात दोन नावं आली, दारिओ अर्जेंतो आणि दारिया निकोलोदी. ४१ वर्षांनी! कुणी उपकार केले म्हणून आली नाहीत, १९७७ च्या पाट्यांमध्ये होती म्हणून आली. उद्या कुणी इन्फर्नो नव्याने करायचं ठरवलं तर तिचं नाव यायचं काही कारण नाही, कारण कागदावर नाहीच. एकाच बाईच्या, तिच्याच म्हणण्यानुसार सारख्याच कामाचे हे दोन निकाल आहेत, आणि फरक पडला तो प्रीमियरच्या आधीच्या त्या काही दिवसांच्या भांडणाने.

म्हणून मला आता स्ट्रीमिंगवाल्यांचा जास्त राग येतो. सिनेमा संपला की पाट्या सुरू व्हायच्या आत स्क्रीन कोपऱ्यात आकसते आणि पुढच्या सिनेमाचं बटण येतं, पाच, चार, तीन. इतकी वर्षं निर्माता नाव द्यायला काचकूच करत होता, आता दिलेलं नाव पण वाचता येत नाही. यावर काहीतरी नियम हवा, पाट्या पूर्ण आकारात चालू द्या, बटण ज्याला पाहिजे तो शोधेल. जुने सिनेमे चकाचक करून महागड्या डिस्क काढणाऱ्या कंपन्यांनी डबिंगच्या आवाजांची नावं जिथे माहीत आहेत तिथे कव्हरवर छापायला काय हरकत आहे, ४के मध्ये रक्ताचा एकेक थेंब दिसतो आणि बोलतंय कोण ते कळत नाही. आणि मराठीत या सिनेमांवर लिहिणारे आता बरेच झालेत, छान लिहितात, त्यांना माझी विनंती नाही, आग्रहच आहे, की सुस्पिरियावर लिहिताना पटकथा अर्जेंतो आणि निकोलोदी असं लिहा. दोन शब्द जास्त टाइप करायचे आहेत.

इन्फर्नोचं काय करायचं हा प्रश्न अवघड आहे आणि त्यावर माझं मत बऱ्याच निकोलोदीप्रेमींना आवडणार नाही. तिथे तिचं नाव घुसवू नये. ज्या पाट्या १९८० मध्ये पडल्या त्या तशाच राहू देत, कारण आपल्याला वाटतं म्हणून जुना कागद बदलायला लागलो तर उद्या दुसरा कोणी त्याला वाटतं म्हणून सुस्पिरियातलं नाव काढेल. पण त्या सिनेमाच्या प्रत्येक नोंदीत, डिस्कच्या पुस्तिकेत, फेस्टिवलच्या कॅटलॉगमध्ये एक ओळ यायला पाहिजे की मूळ कथा आपली असल्याचं दारिया निकोलोदीचं म्हणणं होतं, आणि पाट्यांमध्ये ते नाही. दावा म्हणून लिहा, सिद्ध झालेलं म्हणून नका लिहू, पण लिहा.